टीव्हीवर बातम्या द्यायच्यात? ठाणे-नवी मुंबईकरांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी मराठी वृत्तवाहिनीत बुलेटिन प्रोड्यूसर म्हणून काम केलं आहे. अँकर पडद्यावर दिसत असताना त्याच्या कानात जो बोलत असतो, तो मी. राहायला नौपाड्यात. त्यामुळे सोसायटीच्या मीटिंगमध्ये, कॉलेजच्या कार्यक्रमात, लग्नाच्या पंगतीतसुद्धा एकच विषय निघतो : "आमच्या हिला अँकर व्हायचंय, काय करायला लागेल?" कळव्याचे पालक विचारतात, ऐरोलीची मुलं विचारतात, नेरूळहून मेसेज येतात. उत्तरं एकदा लिहून ठेवलेली बरी. एक गोष्ट आधीच सांगतो, कारण पुढे ती पुन्हा पुन्हा येणार आहे : हे काम तोंडाचं कमी आणि कानाचं जास्त आहे.

पूर्वीचे दूरदर्शनचे वृत्तनिवेदक आणि आजचे अँकर यांच्या कामात फरक काय?

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी वरळीत सुरू झालं. संध्याकाळी सातच्या बातम्या हा तेव्हा घराघरातला नेम होता. वृत्तविभागानं लिहिलेलं बातमीपत्र स्वच्छ, संथ आणि न अडखळता वाचणं हे निवेदकाचं काम. भक्ती बर्वे आणि स्मिता पाटील यांनी हे काम केलं. स्मिता पाटील जीन्सवरच साडी गुंडाळून कॅमेऱ्यासमोर बसायच्या, हा किस्सा अजून सांगितला जातो. १९७४ पासून प्रदीप भिडे वाचू लागले आणि पुढची जवळपास चार दशकं तो आवाज ऐकू येत राहिला. २०२२ मध्ये ते गेले, तेव्हा जे त्यांना कधी भेटलेही नव्हते त्यांनाही घरचं कुणी गेल्यासारखं वाटलं.

२००७ पासून चित्र बदललं. त्या वर्षी 'झी २४ तास' आणि 'स्टार माझा' (आताचा 'एबीपी माझा') आले, २००८ मध्ये 'आयबीएन लोकमत'. दिवसाला मोजकी बातमीपत्रं होती, तिथे दिवसभर बातम्या सुरू झाल्या. चोवीस तास पुरेल इतकं लिहून देणारं कुणी नसतं. म्हणून आजचा अँकर शिफ्टमधला बराच वेळ कागदाशिवाय बोलतो : रिपोर्टरला प्रश्न विचारतो, पाहुण्याला थांबवतो, समोरच्या दृश्यावर बोलत राहतो. भिडेंच्या पिढीचा उच्चार आणि आजच्या पिढीचा हजरजबाबीपणा एकाच माणसात सापडली तर त्याला कुठलंही चॅनल सोडणार नाही. सापडत नाही, ही आमची रोजची तक्रार.

अँकरचा दिवस कसा असतो?

शिफ्टवर अवलंबून. सकाळची पाळी असली तर घरातून निघताना काळोख असतो. सहा-सातच्या बुलेटिनला बसणारा माणूस त्याच्या कितीतरी आधी ऑफिसात पोचलेला लागतो. आल्यावर पहिलं काम रात्रीत काय झालं ते वाचणं. एजन्सीच्या बातम्या, रिपोर्टरांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवरचे मेसेज, सकाळची वर्तमानपत्रं. मग मेकअप, आणि त्या खुर्चीत बसूनही वाचन चालूच.

दरम्यान डेस्कवर, म्हणजे बातम्या लिहिणाऱ्या-संपादणाऱ्यांकडे, रनडाऊन तयार होत असतो. कोणती बातमी कितव्या क्रमांकाला, कुठे पॅकेज (आधी तयार केलेली चित्रबातमी), कुठे बाईट (कुणाच्या बोलण्याचा तुकडा), कुठे फोनो (फोनवरून बोलणं), कुठे लाइव्ह, याची ती यादी. बुलेटिन सुरू झाल्यावर ती यादी जशीच्या तशी टिकली असं मी क्वचितच पाहिलंय. मुंब्र्याजवळ लोकल थांबली, की तुमची तीन नंबरची बातमी गेली उडत.

चांगला अँकर रनडाऊन वाचताना डेस्कला प्रश्न विचारतो. "हा आकडा कालचा की आजचा?" "हे आमदार आता कोणत्या गटात?" महाराष्ट्रात गेल्या काही वर्षांत दुसरा प्रश्न फार महत्त्वाचा झाला आहे. वाईट अँकर लिपस्टिकचा रंग विचारतो. (पुरुष असेल तर टायचा.)

कानात ते काय घातलेलं असतं? त्यात कोण बोलतं?

त्याला आम्ही ईपी (इयरपीस) किंवा टॉकबॅक म्हणतो. कानाच्या मापानं बनवलेली छोटी बोंडी, तिला पारदर्शक नळी, आणि पलीकडे कंट्रोल रूम, म्हणजे पीसीआर. तिथून प्रोड्यूसर सांगत असतो : "रिपोर्टर तयार आहे", "पाहुणा अजून आला नाही, स्ट्रेच कर" (म्हणजे बोलणं लांबव), "रॅप कर (आटोप), ब्रेकला जायचंय", "दहा सेकंद". काही ठिकाणी प्रोड्यूसरनं बटण दाबलं तरच आवाज जातो. काही ठिकाणी कंट्रोल रूममधला सगळा गोंधळ अँकरच्या कानात पडत राहतो. मागे कुणीतरी ग्राफिक्सवाल्यावर ओरडतंय, कुणी चहा मागवतंय.

आणि हे सगळं ऐकत असताना अँकर स्वतः बोलत असतो. वाक्य तुटू द्यायचं नाही, चेहऱ्यावर "कानात कुणीतरी बोलतंय" असं दिसू द्यायचं नाही. नव्या मुलांचं पहिल्याच आठवड्यात घोडं इथे अडतं. सूचना आली की डोळे स्थिर होतात, वाक्याचं क्रियापद हरवतं. कुकरच्या शिट्ट्या मोजत फोनवर तासभर बोलणाऱ्या आईला हे जमेल, असं मी गमतीनं म्हणतो. पण त्यात तथ्य आहे. एकाच वेळी दोन गोष्टी ऐकायची सवय लावता येते. घरी रेडिओ लावा आणि त्याच वेळी वर्तमानपत्रातली बातमी मोठ्यानं वाचा. वाचून झाल्यावर रेडिओवर काय सांगितलं ते आठवून पाहा. सुरुवातीला काही आठवणार नाही.

मुलाखतीतही कानच लागतो. पाहुण्यानं पहिल्या उत्तरात भलतीच कबुली देऊन टाकली आणि अँकर मात्र कागदावरचा दुसरा प्रश्न वाचून मोकळा झाला, हे पडद्यावर तुम्हीही पाहिलं असेल. तिथे अँकरनं ऐकलेलंच नसतं.

सगळं समोर लिहिलेलं असतं ना? मग अवघड काय?

टेलिप्रॉम्प्टर असतो, खरं आहे. कॅमेऱ्याच्या भिंगापुढे तिरकी काच, तिच्याखाली आडवा स्क्रीन. त्यावरची उलटी अक्षरं काचेत सुलटी दिसतात आणि कॅमेरा त्या काचेतून आरपार बघतो. म्हणून अँकर तुमच्या डोळ्यांत बघून वाचतोय असं वाटतं. मजकूर सरकवायला माणूस असतो किंवा अँकरच्या हातापायाशी नियंत्रण असतं.

अवघड इतकंच की तो बंद पडतो, मागे राहतो, कधी चुकीची बातमी दाखवतो. ब्रेकिंग आली की त्यावर काहीच नसतं, कारण अजून कुणी लिहिलेलंच नसतं. आणि प्रॉम्प्टर आहे म्हणून बातमी आधी न वाचणारा माणूस नेमका मृतांच्या नावापाशी अडखळतो.

लाइव्हमध्ये रिपोर्टर प्रश्न ऐकून काही क्षण नुसताच उभा का राहतो?

त्याला प्रश्न उशिरा पोचतो. सिग्नल उपग्रहामार्गे गेला तर तो जमिनीपासून सुमारे ३६ हजार किलोमीटर वर जाऊन खाली येतो. त्यातच साधारण पाव सेकंद जातो, वर यंत्रांचा वेळ वेगळा. हल्ली ओबी व्हॅनऐवजी (थेट प्रक्षेपणाची छत्रीवाली गाडी) पाठीवरच्या बॅगेतलं यंत्र वापरतात. ते बऱ्याच सिमकार्डांचं इंटरनेट एकत्र करून चित्र पाठवतं, आणि त्यात विलंब आणखी वाढतो. म्हणून अँकरनं प्रश्न छोटा ठेवायचा आणि उत्तर येईपर्यंत मध्ये बोलायचं नाही. गणेश विसर्जनाच्या रात्री मासुंदा तलावाच्या काठी इतके मोबाइल चालू असतात की बॅगेचा जीव मेटाकुटीला येतो.

कोणतं शिक्षण घ्यावं?

अँकरसाठी अशी एकच ठरलेली पदवी नाही. मुंबई विद्यापीठाचा बीएएमएमसी (जुनं नाव बीएमएम), म्हणजे माध्यमांचा पदवी अभ्यासक्रम, हा बारावीनंतरचा नेहमीचा रस्ता. ठाण्यात जोशी-बेडेकरसारख्या महाविद्यालयात तो आहे. पदवीनंतर मुंबई विद्यापीठाचा पत्रकारिता विभाग, गरवारे संस्थेचा मराठी पत्रकारितेचा अभ्यासक्रम, पुण्याची रानडे इन्स्टिट्यूट, नोकरी सांभाळून शिकायचं तर यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठ. मुंबई मराठी पत्रकार संघही वर्ग चालवतो.

माझं मत विचाराल तर पदवी इतिहास, राज्यशास्त्र, अर्थशास्त्र किंवा मराठीची घ्या आणि पत्रकारिता नंतर शिका. कॅमेऱ्यासमोर बसायला सहा महिन्यांत शिकवता येतं. अविश्वास ठराव आणि विश्वासदर्शक ठराव यांतला फरक ऐन बुलेटिनमध्ये कानात सांगता येत नाही.

"तीन महिन्यांत अँकर" असे क्लास असतात, ते करावेत का?

फी भरण्याआधी तिथून शिकलेली माणसं आज कुठे काम करतात ते विचारा. कॅमेऱ्याची भीती घालवायला असा क्लास ठीक आहे. "नोकरीची हमी" असं कुणी म्हणालं तर सरळ घरी या.

माझ्या बोलण्यात आगरी वळण आहे. चालेल का?

हा प्रश्न घणसोली, दिवा, खारीगाव, उरण पट्ट्यातून येतो आणि तो विचारताना मुलं उगाचच ओशाळतात. आगरी ही या भूमीची बोली आहे. ठाणे-बेलापूर पट्ट्यात सिडको यायच्या आधीपासूनची. तिच्याबद्दल कमीपणा वाटायचं कारण नाही. पण बातमीपत्र राज्यभर ऐकलं जातं, म्हणून तिथे प्रमाण उच्चार लागतो. दोन्ही आलं पाहिजे, इतकं साधं आहे ते. मालवणी, अहिराणी, वऱ्हाडी घरातून आलेल्यांनाही हेच लागू.

काम कुठे करायचं? पहिलं, ण आणि ळ. 'पाणी', 'बाळ', 'शाळा' नीट यायला हवं. दुसरं, च-ज-झ यांचे दोन-दोन उच्चार. 'चमचा'मधला च आणि 'चित्र'मधला च, 'जखम' आणि 'जीभ', 'झाड' आणि 'झेंडा'. तिसरं, श आणि स. गंमत अशी की आगरी किंवा कोळी घरातली मुलं हे कान देऊन पटकन उचलतात. खरी पंचाईत हिंदीच्या वळणाच्या शहरी मराठीची आहे. आपलं बिघडलंय हेच तिला ठाऊक नसतं. "थाने", "घनसोली", "नेरुल" असं म्हणणारी मुलं ठाण्यातच जन्मलेली असतात!

उलट बोलीचा फायदा कधी होतो तेही सांगतो. विमानतळाचं भूसंपादन असो की गावठाणांचा प्रश्न, कोपरखैरण्याची एखादी आजी कॅमेऱ्यासमोर तिच्या भाषेत बोलते तेव्हा ती काय म्हणाली ते समजणारा अँकर लागतो. बाकीचे नुसते मान डोलावतात.

मी इंग्रजी माध्यमात शिकलोय. मराठी बातम्या देता येतील?

येतील. आत्ताचे बरेच जण तसेच आहेत. दोन गोष्टींवर घाम गाळावा लागेल : जोडाक्षरं आणि अंक. एकोणसत्तर, एकोणऐंशी, एकोणनव्वद हे तिघे भल्याभल्यांना दगा देतात. २०१९ मध्ये बालभारतीनं दुसरीच्या पुस्तकात 'सत्तावीस'सोबत 'वीस सात' आणलं, तेव्हा केवढा गदारोळ झाला होता. स्टुडिओत मात्र 'वीस सात' चालत नाही. मतमोजणीच्या दिवशी आकडे धडाधड येतात आणि मनातल्या मनात इंग्रजीतून भाषांतर करायला वेळ नसतो. रोज वर्तमानपत्राचं बाजारभावाचं पान मोठ्यानं वाचा. वाशीच्या एपीएमसीतले कांदा-बटाट्याचे दर हा अंकांचा उत्तम सराव आहे, फुकटातला.

दिसायला सुंदर असावं लागतं का?

नीटनेटकं असावं लागतं. बाकी मेकअप आणि प्रकाशयोजना बघून घेतात. मागे हिरवा पडदा, म्हणजे क्रोमा असेल तर हिरवे कपडे घालू नयेत, नाहीतर तुमच्या अंगावर विधानभवन दिसेल. बारीक रेघांचा शर्टही नको, तो कॅमेऱ्यात लहरतो. मुलींच्या दिसण्याबद्दल या धंद्यात मुलांपेक्षा जास्त बोललं जातं, हे खरं आहे आणि वाईट आहे. वयाच्या बाबतीतही तोच दुजाभाव. पिकल्या केसांचे पुरुष पडद्यावर दिसतात, पिकल्या केसांच्या बायका मोजायला बसलात तर बोटंही लागणार नाहीत.

थेट अँकर होता येतं की आधी रिपोर्टर व्हावं लागतं?

थेट घेतात. पण टिकतात ते बहुतेक रस्त्यावर फिरून आलेले. मी कुणालाही आधी दोन-चार वर्षं रिपोर्टिंग किंवा डेस्क करा असंच सांगेन.

आणि त्यासाठी ठाणे-नवी मुंबईसारखी शाळा नाही. महाराष्ट्राला मुख्यमंत्री आणि उपमुख्यमंत्री दिलेलं शहर. जून २०२२ च्या सत्तानाट्यात ठाण्यातल्या बंगल्यांबाहेर राष्ट्रीय वाहिन्यांच्याही गाड्या उभ्या होत्या. टेंभी नाक्याचा आनंद आश्रम (शिवसेनेचे आनंद दिघे यांचं ठिकाण) कुठल्या गल्लीत आहे हे तेव्हा दिल्लीहून आलेल्यांना स्थानिक पोरं सांगत होती. पण राजकारण बाजूला ठेवा. घोडबंदर रोडची कोंडी, येऊरचे बंगले, जुन्या इमारतींच्या एकत्रित पुनर्विकासाची क्लस्टर योजना, कळवा रुग्णालय, दिव्यातलं पाणी, तुर्भ्याचा बाजार, ठाणे खाडीतले फ्लेमिंगो, ८ ऑक्टोबर २०२५ रोजी उद्घाटन झालेला नवी मुंबईचा विमानतळ. शिवाय जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला शहापूर, जिथली धरणं मुंबईला पाणी पाजतात आणि जिथल्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकर लागतो. एवढे विषय एका जिल्ह्यात मिळणं भाग्याचं.

महापालिकेची महासभा एकदा पूर्ण बसून ऐका. अर्थसंकल्प हातात घेऊन वाचा. पावसाळ्यात खड्ड्यापाशी उभं राहून पीटीसी (कॅमेऱ्याकडे बघून बातमी सांगणं) करा, लोक मागून हात हलवत असताना. पुढे स्टुडिओत बसल्यावर ठाण्याचा रिपोर्टर "माजिवड्याला वाहतूक ठप्प आहे" म्हणाला, की तुम्हाला पुढचा प्रश्न आपोआप सुचतो, कारण तिथून नाशिक, घोडबंदर आणि मुंबईची वाट कशी फुटते हे तुम्हाला पायाखालचं ठाऊक असतं.

नवी मुंबईकरांसाठी एक जोड : 'सकाळ' समूहाचं कार्यालय सीबीडी बेलापूरला आहे आणि 'साम' ही त्यांचीच वाहिनी. बाकी बहुतेक वाहिन्यांसाठी खाडी ओलांडावी लागते.

ऑडिशनमध्ये काय करायला लावतात?

साधारण तीन गोष्टी. प्रॉम्प्टरवरून काही बातम्या वाचायच्या. मग प्रॉम्प्टर काढून एखादी ब्रेकिंग देतात, दोन ओळींची : "अमुक ठिकाणी इमारतीचा स्लॅब कोसळला, बचावकार्य सुरू." यावर काही मिनिटं बोला. मग एखादी खोटी-खोटी मुलाखत.

मधल्या भागात नव्वद टक्के मुलं कल्पनेनं आकडे ठोकतात. "दहा जण अडकल्याची भीती" असं कुणी सांगितलेलं नसताना म्हणतात. तिथेच आम्ही कागदावर फुली मारतो. जे माहीत आहे तेच तीन वेगवेगळ्या तऱ्हेनं सांगायचं, ठिकाण नेमकं कुठे आहे ते सांगायचं, अग्निशमन दल, एनडीआरएफ, महापालिका यांच्यापैकी कुणाकडून कोणती माहिती यायची आहे ते सांगायचं. त्यात वेळ निघतो आणि खोटंही बोललं जात नाही.

आकाशवाणी, दूरदर्शनमध्ये कसं जायचं?

तिथे हंगामी वृत्तनिवेदक आणि भाषांतरकारांचं पॅनल असतं. जाहिरात निघते, लेखी परीक्षा होते, तीत भाषांतर असतं, मग आवाजाची चाचणी. निवड झाली तरी रोजचं काम मिळत नाही, महिन्यातले मोजके दिवस मिळतात. पण उच्चार घासूनपुसून घ्यायला अशी दुसरी जागा नाही. आकाशवाणीचं मुंबई केंद्र मंत्रालयाजवळ आहे.

निवडणूक निकालाच्या दिवशी काय होतं? तेव्हा म्हणे दिवसभर उठत नाहीत.

उठतात, पण पटकन. २३ नोव्हेंबर २०२४ चा विधानसभेचा निकाल घ्या. मतमोजणी सकाळी आठला, आधी टपाली मतं. वाहिन्या त्याआधीच सजून बसलेल्या. जागा २८८, बहुमत १४५, हे झोपेतही यायला हवं. एकट्या ठाणे जिल्ह्यात १८ मतदारसंघ. कोपरी-पाचपाखाडी आणि ठाणे शहर ही वेगळी लढत, ओवळा-माजिवडा वेगळी, मुंब्रा-कळवा वेगळी, खाडीपलीकडे ऐरोली आणि बेलापूरला वेगळेच हिशेब. कोण कुठून, मागच्या वेळी कुणाविरुद्ध, किती मतांनी, आता कोणत्या पक्षात, बंडखोर कोण. चांगले अँकर याच्या वह्या करतात. हातानं लिहिलेल्या, मतदारसंघनिहाय. संगणकावर सगळं असतं, पण कॅमेरा चालू असताना शोधायला सवड नसते.

त्या दिवशी सगळ्यात मोठा मोह घाईचा. पहिल्या फेरीतली आघाडी म्हणजे विजय नव्हे. कंट्रोल रूममधूनही कानात "दुसऱ्या चॅनलनं दिलं, आपणही द्या" असं ओरडणारे असतात. (हो, त्यात आम्ही प्रोड्यूसरही आलो.) "आघाडीवर" आणि "विजयी" हे दोन शब्द शेवटपर्यंत वेगळे ठेवणाऱ्या अँकरवर माझा जीव आहे.

आणि पाणी बेतानं पितात. कारण वर लिहिलंय : उठलं तरी पटकन परत यावं लागतं.

चर्चांमध्ये इतका आरडाओरडा का असतो?

स्वस्त पडतो म्हणून. गडचिरोलीला टीम पाठवून बातमी करण्यापेक्षा चार खिडक्यांत चार प्रवक्ते बसवणं कमी खर्चाचं. आणि किती लोक काय बघतात हे मोजणाऱ्या 'बार्क' या संस्थेचे आकडे काय सांगतात त्यावर जाहिराती ठरतात. ऑक्टोबर २०२० मध्ये मुंबई पोलिसांनी टीआरपी घोटाळ्याचं प्रकरण बाहेर काढल्यावर वृत्तवाहिन्यांचं साप्ताहिक रेटिंग थांबवलं गेलं होतं. ते मार्च २०२२ मध्ये परत आलं, चार आठवड्यांच्या सरासरीच्या रूपात. मधल्या काळात आरडाओरडा कमी झाला का? माझ्या कानाला तरी जाणवलं नाही.

अँकरला कायदा माहीत असावा लागतो का?

थोडा तरी, हो. तीन गोष्टी सांगतो.

२००८ च्या २६ नोव्हेंबरच्या हल्ल्यात ताज, ओबेरॉय आणि नरिमन हाउसवरची कारवाई थेट दाखवली गेली. सर्वोच्च न्यायालयानं २०१२ मध्ये कसाबच्या खटल्याचा निकाल देताना वाहिन्यांवर कडक ताशेरे ओढले. २०१५ मध्ये केबल टीव्हीच्या नियमांत बदल झाला : दहशतवादविरोधी कारवाई चालू असताना थेट प्रक्षेपण नाही, नेमलेला अधिकारी वेळोवेळी जी माहिती देईल तेवढीच द्यायची.

दुसरी, अत्याचारातल्या पीडितेची ओळख. आता ते भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ मध्ये आहे, आणि पीडित अल्पवयीन असेल तर पॉक्सो कायदाही लागतो. ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापुरात संतापलेले लोक रेल्वे रुळांवर उतरले. अशा वेळी भान सुटू शकतं. मुलीचं नाव तर नाहीच, पण आईवडील, घर, गल्ली, ज्यावरून ओळख पटेल असं काहीही बोलायचं नाही. पाहुणा किंवा फोनवरचा नातेवाईक बोलायला लागला तर अँकरनं तिथल्या तिथे तोडायचं. वाईट दिसलं तरी चालेल.

तिसरी प्रेक्षकांसाठी. बातमीबद्दल तक्रार असेल तर प्रसारणापासून सात दिवसांच्या आत आधी त्या वाहिनीकडे लेखी द्या. उत्तर पटलं नाही तर एनबीडीएसए या स्वनियमन मंडळाकडे जाता येतं, ती वाहिनी त्यांची सदस्य असेल तर.

पगार किती मिळतो?

सुरुवातीला तुमच्या आयटीतल्या मित्रापेक्षा कमी. ऐरोलीच्या माइंडस्पेससमोरून जाताना वाईट वाटून घेऊ नका. पुढे वाढतो, पण सगळ्यांचा सारखा नाही. प्राइम टाइमचे दोन-तीन चेहरे आणि बाकीचे यांच्यात मोठी दरी असते. सही करण्याआधी विचारा : पक्की नोकरी की कंत्राट, नोटीसचा काळ किती, बाँड आहे का, बाहेर सूत्रसंचालन केलेलं चालतं का. १९५५ चा श्रमिक पत्रकार कायदा वृत्तपत्रांपुरता होता. नव्या कामगार संहितांमध्ये श्रमिक पत्रकाराच्या व्याख्येत टीव्ही आणि डिजिटल माध्यमंही आली आहेत.

मुलीला रात्रपाळी असते. ठाण्याहून ये-जा सुरक्षित आहे का?

आईवडिलांचा हा पहिला प्रश्न असतो, आणि तो रास्त आहे. महाराष्ट्राच्या २०१७ च्या दुकाने व आस्थापना कायद्यानुसार रात्री साडेनऊ ते सकाळी सात या वेळेत स्त्रीला काम द्यायचं तर तिची संमती लागते आणि सुरक्षितता, वाहतूक यांची सोय मालकानं करायची असते. मुलाखतीतच विचारा : गाडी घरापर्यंत सोडते की स्टेशनपर्यंत? घोडबंदरला किंवा खारघरला राहणाऱ्यांना हा फरक फार मोठा आहे. वाहिन्या लोअर परळपासून अंधेरीपर्यंत विखुरलेल्या आहेत. शेवटची लोकल चुकली की पहिल्या लोकलची वाट बघत बसण्यात शहाणपण नाही. विचारलं म्हणून नोकरी नाकारणारं ऑफिस असेल, तर तिथे न गेलेलंच बरं.

एआय अँकर आले, मग माणसं कशाला लागतील?

२०२३ मध्ये 'आज तक'नं 'सना' आणली, ओडिशात 'लिसा' आली, २०२४ मध्ये डीडी किसाननं 'क्रिश' आणि 'भूमी' बसवले. लिहिलेलं वाचण्यापुरतं हे जमतं आणि आणखी जमेल. हवामान, बाजारभाव, मथळे ही कामं जातीलही. पाहुण्यानं बोलता बोलता आवंढा गिळला हे ऐकून पुढचा प्रश्न मागे घेणं त्यांना अजून जमलेलं नाही. माझ्या ओळखीतल्या काही जिवंत अँकरनाही ते जमत नाही, त्यांनी मात्र काळजी करावी.

लोक सोशल मीडियावर शिव्या घालतात. काय करावं?

ड्यूटीवर असताना कमेंट वाचू नका. धमकी आली तर स्क्रीनशॉट घ्या, ऑफिसला लेखी कळवा, पोलिसांत द्या. पत्रकारांवरच्या हल्ल्यांविरुद्ध महाराष्ट्रानं २०१७ मध्ये स्वतंत्र कायदा मंजूर केला आहे.

चाळिशीनंतर पुढे काय?

काही संपादक होतात, काही शिकवायला लागतात, काही स्वतःचं यूट्यूब चॅनल काढतात. आवाज चांगला असेल तर जाहिराती आणि माहितीपट. मोठ्या कार्यक्रमांचं सूत्रसंचालन. कुणी राजकीय पक्षाचे प्रवक्ते होतात. मग कालपर्यंत ज्यांना प्रश्न विचारले त्यांच्या बाजूनं उत्तरं द्यायला लागतात, ते बघणं गमतीचं असतं.

बायोडाटा कुणाला आणि कसा पाठवायचा?

एचआरला पाठवा, पण आउटपुट एडिटरलाही (पडद्यावर काय जाणार हे ठरवणारा संपादक) पाठवा. सोबत दोन मिनिटांचा व्हिडिओ, त्याहून मोठा नको. सुरुवातीला नाव आणि गाव सांगण्यात वेळ घालवू नका, सरळ बातमी सुरू करा. पार्श्वसंगीत नको. मोबाइल आडवा धरा, खिडकीकडे तोंड करून बसा, पंखा बंद ठेवा. अर्धा मिनिट वाचलेली बातमी, अर्धा मिनिट न वाचता सांगितलेली, आणि एक मिनिट कुणाची तरी खरी मुलाखत : रिक्षावाला, मासळीवाली, सोसायटीचा सेक्रेटरी, कुणीही चालेल. फाइलला स्वतःचं नाव द्या. "फायनल फायनल २" नावाच्या फायली आम्हाला रोज येतात, आणि त्या कुणाच्या आहेत हे शोधायला कुणी बसत नाही.